तडजोडीचा हुकूमनामा आणि घराचा ताबा

घरमालक आणि भाडेकरू यांच्यातील दावा ज्या थाटाने सुरू होतो, त्या थाटाने तो क्वचितच संपतो. आरंभी नोटीस असते, तिला तिखट उत्तर असते, मग वादपत्र आणि कैफियत, साक्षीदारांची यादी, तारखांवर तारखा. आणि शेवट होतो तो एखाद्या दुपारी न्यायालयाच्या व्हरांड्यात. दोन्ही बाजूंचे वकील बाकावर बसून एका तावावर आठ-दहा कलमे लिहितात, पक्षकार खाली सह्या करतात, तो कागद न्यायाधीशांपुढे जातो आणि पंधरा मिनिटांत दहा वर्षांचा कज्जा निकालात निघतो. भाडेकरूने अमुक तारखेस जागा रिकामी करावी, तोपर्यंत दरमहा अमुक रक्कम द्यावी, मालकाने थकबाकीपैकी काही भाग सोडून द्यावा, अशा त्या अटी असतात. बाहेर आल्यावर दोघेही सुटकेचा निःश्वास टाकतात. कित्येकदा तर ज्यांनी दहा वर्षे एकमेकांशी भाषण केले नाही, ते एकाच टपरीवर चहा घेताना दिसतात.

त्या चहाबद्दल कोणाचीच तक्रार नसावी. पण दावा संपला म्हणजे प्रश्न संपला, ही जी समजूत दोघेही बरोबर घेऊन घरी जातात, ती मात्र तपासून पाहण्याजोगी आहे. हिंदुस्थानातील पक्षकाराच्या अडचणींना खरा प्रारंभ होतो तो हुकूमनामा हाती पडल्यावर, असा अभिप्राय लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने १८७२ साली नोंदविला होता. त्याला दीड शतक लोटून गेले. २०२१ साली सर्वोच्च न्यायालयाने हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीची दरखास्त सहा महिन्यांत निकालात काढावी असे सर्व न्यायालयांना बजावले. पुढे २०२५ साली त्याच न्यायालयाने देशभरातील उच्च न्यायालयांकडून हिशेब मागविला, तेव्हा प्रलंबित दरखास्तींचा आकडा ८ लाख ८२ हजारांच्या वर निघाला. त्यांत सर्व प्रकारचे हुकूमनामे आहेत, तडजोडीचेही आहेत. स्वखुशीने दिलेल्या शब्दाची पूर्तता करून घेण्यासाठी पुन्हा न्यायालयाची पायरी चढावी लागते, ही गोष्ट प्रथमदर्शनी विचित्र वाटते. तिची कारणे शोधू गेल्यास बहुतेक वेळा ती त्या व्हरांड्यातल्या तावावरच सापडतात.

प्रथम तडजोडीचा हुकूमनामा म्हणजे काय, हे पाहिले पाहिजे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या २३ व्या आदेशातील तिसऱ्या नियमाप्रमाणे पक्षकारांनी आपसांत कायदेशीर समझोता केला आहे, अशी न्यायालयाची खात्री पटली की तो समझोता नोंदवून त्याप्रमाणे हुकूमनामा करावयाचा असतो. त्या क्षणापासून तो दोन माणसांमधला खाजगी करार राहत नाही. न्यायालयाच्या मुद्रेने त्याला निवाड्याचे बळ येते, आणि तरीही त्याचा आत्मा कराराचाच राहतो. हे दुहेरी रूप लक्षात न घेतल्यामुळे पुष्कळ घोटाळे होतात. पूर्वी अशी तडजोड तोंडी झाल्याचेही सांगता येत असे आणि मग ती झालीच नाही असा वाद उभा राही. १९७६ च्या दुरुस्तीने समझोता लेखी असावा व त्यावर पक्षकारांच्या सह्या असाव्यात, असे बंधन घातले. ही दुरुस्ती १ फेब्रुवारी १९७७ पासून अमलात आली.

संमतीने झालेल्या हुकूमनाम्यावर अपील चालत नाही. तो रद्द व्हावा म्हणून स्वतंत्र दावाही लावता येत नाही. फसवणूक झाली, संमती खरी नव्हती, असे ज्याचे म्हणणे असेल, त्याने ज्या न्यायालयाने तडजोड नोंदविली तिथेच जाऊन ते सांगावयाचे असते. २००६ साली दिल्लीतील एका ताब्याच्या दाव्यात सर्वोच्च न्यायालयाने हेच स्पष्ट केले. तेथे भाडेकरू पक्षाच्या वकिलाने न्यायालयापुढे जबाब देऊन जागा सोडण्याची तारीख कबूल केली होती, आणि पुढे पक्षकार म्हणू लागले की हा समझोता आमचा नव्हेच. वकिलाने आपल्या अधिकारात दिलेला तो जबाब बंधनकारक ठरला. वकीलपत्रावर सही करताना आपण काय देऊन बसतो, हे सामान्य माणसास क्वचितच ठाऊक असते.

इथपर्यंतचे नियम सर्व दिवाणी दाव्यांना सारखेच लागू आहेत. घरभाड्याच्या दाव्याची गाठ मात्र निराळी आहे आणि ती भाडेनियंत्रणाच्या कायद्यांनी घातलेली आहे. पहिल्या महायुद्धाच्या काळात, १९१८ साली, मुंबईत असा पहिला कायदा झाला. १९४७ च्या मुंबई भाडेनियंत्रण कायद्याने त्या विचाराला भरीव रूप दिले. राज्याच्या विभाजनानंतर तोच कायदा बडोद्यात गुजरातचा म्हणून चालू राहिला. महाराष्ट्रात त्याची जागा १९९९ च्या कायद्याने घेतली. इंदूर-ग्वाल्हेरच्या घरांना मध्य प्रदेशाचा १९६१ चा कायदा, गोव्यात १९६८ चा, हैदराबादेस मूळ आंध्रचा १९६० चा, बेळगावास प्रथम १९६१ चा आणि नंतर कर्नाटकाचा १९९९ चा. कलमांचे आकडे वेगवेगळे आहेत. काही ठिकाणी दिवाणी न्यायालयाऐवजी भाडेनियंत्रक निकाल देतो आणि तेथील कार्यपद्धतीही थोडी निराळी असते. पण या कायद्यांचे मुख्य सूत्र एकच आहे. कायद्यात सांगितलेल्या कारणांपैकी एखादे सिद्ध झाल्याखेरीज भाडेकरूला घराबाहेर काढण्याचा हुकूम देता येत नाही. भाडे थकणे, परवानगीवाचून पोटभाडेकरू ठेवणे, मालकास स्वतःसाठी जागेची खरीखुरी गरज असणे, ही त्यांतील नेहमीची कारणे होत. आणि हे संरक्षण भाडेकरूला करार करून सोडून देता येत नाही. घराची टंचाई असलेल्या शहरात गरजू माणूस कोणत्याही कागदावर सही करील, हे जाणूनच कायदेमंडळाने तशी तजवीज केली आहे.

मग प्रश्न असा उभा राहतो. करार करून जे सोडता येत नाही, ते न्यायालयासमोर तडजोड करून सोडता येते काय? १९७० च्या सुमारास दिल्लीतील काही प्रकरणे सर्वोच्च न्यायालयापुढे आली. त्यांतील एकात भाडेकरूने पोटभाडेकरू ठेवल्याचा मालकाचा आरोप होता. तडजोड झाली, भाडेकरूने जागा सोडण्याचे मान्य केले, तसा हुकूमनामाही झाला. पण पोटभाडेकरू ठेवल्याची गोष्ट त्याने कबूल केली की नाही, याचा त्या कागदात कोठेच उल्लेख नव्हता, आणि न्यायालयानेही त्या बाबतीत आपली खात्री झाल्याचे लिहिले नव्हते. मालकाने दरखास्त दाखल केल्यावर भाडेकरूने तोच मुद्दा पुढे केला आणि हुकूमनामा मुळातच शून्यवत ठरला. ज्याने सही केली, मुदत घेतली, त्या मुदतीचा उपभोग घेतला, तोच शेवटी जिंकला. मालकवर्गाला हा निकाल अन्यायाचा वाटला असल्यास नवल नाही. परंतु न्यायालयाचे म्हणणे साधे होते. ज्याचा अधिकार कायद्याने कारणावर अवलंबून ठेवला आहे, तो अधिकार कारणावाचून नुसत्या संमतीने उत्पन्न होत नाही.

या कठोर भूमिकेला १९७३ साली एक समंजस वळण मिळाले. मद्रासच्या एका प्रकरणात मालकाने घर स्वतःस राहण्यास हवे म्हणून अर्ज केला होता. त्याची साक्ष झाली, कागदपत्रे दाखल झाली आणि त्यानंतर भाडेकरूने बचाव मागे घेऊन मुदत मागितली. नियंत्रकाने ‘माझी खात्री झाली’ असे शब्द लिहिले नसले, तरी खात्री होण्याजोगी सामग्री दप्तरात होती, एवढ्यावर तो हुकूम टिकला. त्याच वर्षाच्या नोव्हेंबरात गुजरातमधून, म्हणजे आपल्या बडोद्यास लागू असलेल्या त्याच १९४७ च्या कायद्याखाली, एक प्रकरण आले. तेथे भाडेकरूने तडजोडीतच थकबाकी मान्य केली होती. न्यायालयाने म्हटले की, स्वतःची कबुली हा चांगल्यात चांगला पुरावा आहे. ती असताना कारण सिद्ध करण्यास आणखी साक्षीपुराव्याची गरज नाही. १९७५ साली मध्य प्रदेशाच्या कायद्याखालील प्रकरणातही हीच दिशा कायम राहिली. तेव्हापासून नियम असा बसला आहे की, तडजोडीच्या वेळी वादपत्र, कैफियत, पुरावा किंवा खुद्द तडजोडपत्र यांपैकी कशातून तरी कायद्यातील एखादे कारण दिसत असेल, तर हुकूमनामा पक्का. दिसत नसेल तर तो कागदाचा तुकडा. दरखास्त चालविणाऱ्या न्यायालयाला एरवी हुकूमनाम्यापलीकडे जाता येत नाही. तो मुळातच अधिकारावाचून दिलेला असेल, तर मात्र तिथेही ती हरकत ऐकावीच लागते.

हे सारे जुने झाले असे कोणी समजू नये. २०१८ साली तामिळनाडूतील एका प्रकरणात मालकाचा असाच घात झाला. तेथे दावा मालकाने लावलेलाच नव्हता. मालक आपल्याला कायद्याच्या मार्गाखेरीज काढून लावील या भीतीने भाडेकरूने मनाईहुकुमाचा दावा केला होता, आणि त्या दाव्यात तडजोड होऊन त्याने जागा सोडण्याचे मान्य केले. वरून पाहता मालकाला आयताच लाभ झाला. पण मनाईच्या दाव्यात जागा खाली करण्याचे कारण कोण मांडणार आणि कसे मांडणार? दप्तरात ते कोठेच नव्हते. परिणामी तो हुकूमनामा अंमलबजावणीस अपात्र ठरला. चुकीच्या दाव्यात केलेली बरोबर तडजोड, असे त्याचे वर्णन करता येईल.

यावर वकीलमंडळींनी एक सोपी युक्ती काढली आहे. प्रत्येक तडजोडपत्राच्या पहिल्या कलमात ‘प्रतिवादीस वादीची खरी व प्रामाणिक गरज मान्य आहे’ असे वाक्य छापल्यासारखे घालावयाचे. कायद्याचे अक्षर त्याने राखले जाते, यात शंका नाही. परंतु ज्या भाडेकरूच्या तोंडी ते वाक्य घातले जाते, त्याला ते कळलेले असते काय? विशेषतः जिथे मराठी माणूस पिढ्यान् पिढ्या राहतो पण न्यायालयाचे कागद दुसऱ्या भाषेत चालतात, तिथे हा प्रश्न फार जिव्हाळ्याचा आहे. बेळगावचा कागद कन्नडात असू शकतो, बडोद्याचा गुजरातीत, इंदूरचा हिंदीत, पणजीचा इंग्रजीत. समजा, एखाद्या जुन्या वाड्याच्या माडीवर राहणाऱ्या विधवा आजीबाईंनी सुनेच्या आधाराने येऊन सही केली. ‘सहा महिने राहा, मग बघू’ एवढेच त्यांना सांगितलेले असते. त्या ‘मग बघू’ला कागदात जागा नसते. न्यायालयाची खात्री म्हणजे केवळ शिक्का नव्हे. न्यायाधीशांनी पक्षकाराला पुढे बोलावून, त्याला समजेल अशा भाषेत कलमे वाचून दाखवावीत आणि ती मान्य आहेत काय असे विचारून त्याचे उत्तर टिपून ठेवावे. तसे केल्यास पुढच्या कित्येक हरकती जन्मासच येणार नाहीत. याचा लाभ मालकालाही तितकाच आहे, कारण समजून दिलेली कबुली सहसा फिरवता येत नाही. न्यायाधीशांना सवड नसेल तर भाडेकरूने स्वतः तरी आग्रह धरावा की कागदाचे मराठी भाषांतर वाचल्याखेरीज सही होणार नाही. यात लाजण्यासारखे काही नाही.

आता पैशाच्या अटींकडे वळू. थकबाकी हप्त्यांनी फेडावयाची आणि हप्ता चुकल्यास ताबा द्यावयाचा, ही अट बहुतेक तडजोडींत असते. तिच्या शब्दरचनेवर फार मोठा फरक पडतो. कागद दोन तऱ्हांनी लिहिता येतो. एक तऱ्हा अशी: ताब्याचा हुकूमनामा आजच केला आहे, पण भाडेकरूने ९,६०० रुपये दरमहा ८०० प्रमाणे बारा महिन्यांत फेडले तर मालक तो अमलात आणणार नाही. दुसरी तऱ्हा अशी: भाडेपट्टा पूर्वीप्रमाणे चालू राहील, पण हप्ता चुकला तर तो संपुष्टात येईल. बोलताना दोन्हींचा अर्थ एकच वाटतो. कायद्याच्या दृष्टीने पहिलीत मालकाने दिलेली सवलत आहे. अट मोडली की सवलत गेली आणि हुकूमनामा जसाच्या तसा उभा राहिला. सर्वोच्च न्यायालयाने १९९३ साली मुंबई कायद्याखालील प्रकरणात हाच भेद मांडला. तेथे भाडेकरूने न्यायालयाकडे दयेची याचना केली, पण सवलत मालकाची होती आणि तिच्या अटी वाढविणे न्यायालयाच्या हाती नव्हते. दुसऱ्या तऱ्हेत मात्र नाते मालक-भाडेकरूचेच राहते. म्हणून पट्टा जप्त होण्याच्या संकटातून सोडविण्याचा न्यायालयाचा अधिकार तेथे शिल्लक उरतो. भाडेकरूच्या वकिलाने कोणती तऱ्हा पत्करावी, हे यावरून उघड आहे; आणि मालकाच्या वकिलाने कोणती, हेही.

एक हप्ता चार दिवस उशिरा आला तर काय, याचे उत्तरही कागदातच हवे. ‘लागोपाठ दोन हप्ते चुकल्यास’ असे शब्द घातले तर माणसाच्या आजारपणाला, उशिरा झालेल्या पगाराला थोडी जागा राहते. संमतीने ठरलेली मुदत वाढवून देण्यास न्यायालये स्वाभाविकच नाखूष असतात, तेव्हा ही जागा आधीच ठेवलेली बरी.

पैसे हातोहात देण्याची आपल्याकडची सवय तर अशा प्रकरणांत घातकच ठरते. हुकूमनाम्याखालील पैसे न्यायालयात भरावेत, अथवा मनिऑर्डरने, बँकेमार्फत किंवा लेखी पुरावा राहील अशा रीतीने द्यावेत, असे संहितेच्या २१ व्या आदेशात म्हटले आहे. न्यायालयाबाहेर पैसे दिले, किंवा ‘आणखी वर्षभर राहा, भाडे दोनशेने वाढवून दे’ अशी नवी समजूत झाली, तर ती गोष्ट न्यायालयात नोंदवून घ्यावी लागते. हुकूमनामा करून घेणाऱ्याने ती नोंदविली नाही, तर देणाऱ्याने तीस दिवसांच्या आत अर्ज करावयाचा असतो. न नोंदलेली समजूत दरखास्त चालविणारे न्यायालय विचारात घेत नाही. भाडेकरू शपथेवर सांगतो की मालकांनी देवघरासमोर बसून शब्द दिला; मालक म्हणतात, असे काही झाले नाही; आणि न्यायालय खरे कोण याची चौकशीच करीत नाही, कारण ती करण्याची त्याला मुभा नाही. हा नियम कोणाला रूक्ष वाटेल. पण तो नसता तर प्रत्येक दरखास्तीत नव्याने एक दावा उभा राहिला असता.

उलट बाजूने मालकालाही एक धास्ती असते. ठरलेली तारीख उलटून गेल्यावर दरमहाची रक्कम घेतली तर नवे भाडेनाते निर्माण होईल काय? केवळ रक्कम स्वीकारल्याने तसे होत नाही. दोघांचा तसा इरादा सिद्ध व्हावा लागतो. तथापि पावतीवर ‘भाडे’ न लिहिता ‘हुकूमनाम्याप्रमाणे भोगवट्याबद्दलची रक्कम, हक्कास बाध न येता’ एवढे लिहिण्यास शाई फारशी लागत नाही.

तारीख उलटली आणि जागा रिकामी झाली नाही, तर मालकाने काय करावे? पहिली गोष्ट, कुलूप तोडू नये. नळ आणि वीज तोडू नये. हुकूमनामा हाती असला तरी तो अमलात आणण्याचा अधिकार न्यायालयाचा आहे. कायद्याच्या मार्गाखेरीज ज्याचा ताबा गेला, त्याला १९६३ च्या विशिष्ट साहाय्य कायद्याप्रमाणे सहा महिन्यांच्या आत दावा लावून तो परत मागता येतो, आणि तेव्हा मालकीचा प्रश्न विचारलाही जात नाही. हुकूमनामा जिंकलेला मालक अशा दाव्यात हरल्यास त्याला दोष देण्यास स्वतःखेरीज कोणी उरत नाही.

सरळ मार्ग दरखास्तीचा. मुदतीच्या कायद्याप्रमाणे तिला बारा वर्षांचा अवधी आहे आणि तो हुकूमनामा अमलात आणण्याजोगा झाल्यापासून मोजला जातो; म्हणजे जागा सोडण्यास दोन वर्षांची मुदत दिली असेल तर ती संपल्यापासून. हुकूमनाम्याच्या तारखेपासून दोन वर्षांहून अधिक काळ गेला असेल, तर भाडेकरूला आधी नोटीस काढावी लागते. पुढे ताब्याचे वॉरंट निघते आणि बेलिफ पंचांसह जागेवर जातो. हुकूमनाम्याने बांधलेला माणूस निघण्यास तयार नसेल तर त्याला हलविण्याचा, प्रसंगी कुलूप काढण्याचा अधिकार त्यास असतो. खरी अडचण उभी राहते ती दारात दुसराच कोणी दिसतो तेव्हा. भाडेकरूचा भाऊ म्हणतो, मी वेगळा राहतो, माझी सही नाही. मागच्या खोलीतला शिंपी म्हणतो, मी स्वतंत्र भाडेकरू. बेलिफ रिकाम्या हाताने परततो, आणि मालकाला अडथळा दूर करण्याचा अर्ज करावा लागतो. १९७६ च्या दुरुस्तीनंतर हे सारे वाद त्याच दरखास्तीत निकालात काढावयाचे असतात, त्यासाठी वेगळा दावा नाही. ही त्या दुरुस्तीची मोठीच सोय. तरी त्यात वर्षे जाऊ शकतात. म्हणून तडजोडीच्या दिवशी घरात कोण कोण राहते, कोणत्या हक्काने राहते, याची नोंद करून त्या सर्वांच्या सह्या घेणे हे पुढच्या दहा अर्जांचे औषध आहे. भाडेकरू मधल्या काळात वारला तर त्याच्या वारसांविरुद्ध दरखास्त चालते; सही वडिलांची होती ही सबब त्यांना पुरत नाही.

प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेले असेल तर आणखी एक साधन हाती येते. जागा सोडण्यास मुदत देताना न्यायालय भाडेकरूकडून प्रतिज्ञापत्रावर हमी घेते: अमुक तारखेस रिकामा ताबा देईन, दुसऱ्या कोणास आत घेणार नाही. ही हमी न्यायालयाला दिलेली असते, मालकाला नव्हे. ती जाणूनबुजून मोडणे हा १९७१ च्या कायद्याप्रमाणे न्यायालयाचा अवमान आहे. पण हमी स्पष्ट शब्दांत दिलेली असावी लागते. नुसत्या तडजोडीच्या कलमाला हमी मानता येणार नाही, असे १९७९ साली सर्वोच्च न्यायालयाने एका प्रकरणात म्हटले. पुढे २००६ साली मात्र संमतीने झालेल्या हुकुमाचा भंगही अवमान ठरू शकतो, असे त्याच न्यायालयाने सांगितले. अशा वादात न पडता हमीचे वाक्य स्वतंत्र लिहिलेले उत्तम. तुरुंगाच्या भीतीने पुष्कळ किल्ल्या हातात येतात. तरीही अवमानाचा अर्ज केला म्हणून दरखास्त विसरून चालत नाही. शिक्षा झालेल्या माणसाचे कुटुंब त्याच घरात राहिलेले असू शकते.

आतापर्यंत मालकाच्या हक्काविषयी अधिक सांगितले गेले. परंतु तडजोडीत भाडेकरूही काही मिळवीत असतो आणि त्याची पूर्तता होत नाही तेव्हा बोभाटा कमी होतो. जुना वाडा पाडून नवी इमारत उठते आणि भाडेकरूला तीत खोली द्यावयाची, अशा समझोत्यांचे प्रमाण आपल्या जुन्या शहरांत वाढते आहे. भाडेकरू विश्वासाने जागा सोडतो. वाडा पडतो. इमारत जोत्यापर्यंत येऊन थांबते किंवा पूर्ण होऊनही खोली दुसऱ्यालाच जाते. ज्याने जागा सोडली, त्याच्या हाती तेव्हा एक कागदच असतो, आणि त्यात ‘योग्य अशी पर्यायी जागा’ असे शब्द असतील तर त्याचा उपयोग अगदीच थोडा. कितवा मजला, किती चौरस फूट, कोणत्या महिन्यापर्यंत, तोपर्यंतचे भाडे कोणी भरावयाचे, हे सारे लिहिलेले असेल तर तोही हुकूमनामाधारक आहे. तो दरखास्त लावू शकतो. मालकाची मालमत्ता जप्त करवू शकतो. येथे मुदतीच्या कायद्यातील एक बारीक कलम ध्यानात ठेवावयास हवे. अमुक गोष्ट करून द्यावी असा आज्ञार्थी हुकूम, ज्यास वकील ‘मँडेटरी इंजंक्शन’ म्हणतात, त्याच्या अंमलबजावणीस बारा नव्हे तर तीनच वर्षांची मुदत आहे; ती हुकुमाच्या तारखेपासून किंवा पूर्ततेसाठी ठरलेल्या तारखेपासून मोजतात. मालकाला ताबा मागण्यास बारा वर्षे आणि भाडेकरूला खोली मागण्यास कदाचित तीनच, असा हा विषम प्रकार होऊ शकतो. ‘बांधकाम चालू आहे, थोडा धीर धरा’ हे ऐकत जो चौथ्या वर्षापर्यंत धीर धरतो, त्याचा धीर त्याच्यावरच उलटतो.

तितकीच दुर्लक्षित बाब नोंदणीची. न्यायालयाच्या हुकूमनाम्यास एरवी नोंदणी लागत नाही. पण तडजोडीत दाव्याच्या विषयाबाहेरची स्थावर मिळकत आली, जसे की या वाड्याच्या बदल्यात पलीकडच्या गल्लीतील गाळा, तर १९०८ च्या नोंदणी कायद्याची सूट तेथे मिळत नाही. असा हुकूमनामा नोंदवून घेतला नाही तर पलीकडच्या गल्लीतील हक्क अधांतरी राहतो.

अलीकडे अशा पुष्कळ तडजोडी लोकअदालतीत होतात. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याप्रमाणे तेथील निवाडा दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्यासारखाच मानला जातो, त्यावर अपील नाही, आणि भरलेले न्यायालयीन शुल्कही परत मिळते. एका दिवसात शेकडो प्रकरणे मिटविण्याच्या त्या घाईत कलमे मात्र अधिकच त्रोटक लिहिली जातात. शुल्क परत मिळण्याच्या आनंदात ताब्याची तारीख लिहिणे राहून जाऊ नये, एवढी काळजी तेथे घ्यावी.

शेवटी उरतो ताब्याचा दिवस. सगळे सुरळीत झाले, भाडेकरूने किल्ली दिली, मालकाने अनामत परत केली, तरी दोघांनी एकमेकांच्या सह्यांची ताबापावती करावी. तीत विजेच्या मीटरचा आकडा लिहावा. मग हुकूमनाम्याची पूर्तता झाल्याची पुरसीस न्यायालयात दाखल करून त्या नोंदीची नक्कल दोघांनीही आपापल्या घरी ठेवावी.